गिरण्यांतील मुलांचे कैवारी लॉर्ड शाफ्टस्बरी

लंडन शहरात पिकॅडिली नावाचा एक अत्यंत गजबजलेला चौक आहे. तेथील कारंज्यावर हाती धनुष्य घेतलेल्या एका पंखधारी कुमाराची मूर्ती आहे. येणारेजाणारे तिला प्रेमदेवतेची मूर्ती म्हणून ओळखतात व कारंज्याच्या पायऱ्यांवर घटकाभर टेकून पुढे जातात. परंतु हे कारंजे १८९३ साली एका उमरावाच्या स्मरणार्थ उभारलेले आहे, आणि त्या उमरावाने आपल्या आयुष्याची पन्नासांहून अधिक वर्षे गिरण्यांत, खाणींत व धुराड्यांत राबणाऱ्या अनाथ लेकरांसाठी वेचली, ही गोष्ट तेथे बसणाऱ्यांपैकी फार थोड्यांस ठाऊक असते. त्या थोर पुरुषाचे, लॉर्ड शाफ्टस्बरी यांचे, चरित्र आम्ही आमच्या विद्यार्थ्यांपुढे व त्यांच्या पालकांपुढे ठेवीत आहोत. लहान मुलास कामावर जुंपू नये, हा नियम आज आपणांस इतका स्वाभाविक वाटतो की तो कधी कोणास लढून मिळवावा लागला असेल अशी शंकाही आपल्या मनास शिवत नाही. तो कसा मिळविला गेला, हेच ह्या चरित्रात पाहावयाचे आहे.

अँथनी अ‍ॅश्ली कूपर यांचा जन्म २८ एप्रिल १८०१ रोजी लंडन येथे झाला. घराणे मोठे, नातीगोती राजदरबारापर्यंत पोहोचलेली, घरी नोकरचाकरांची रेलचेल; पण ह्या वैभवात त्या बालकास मायेचा ओलावा मात्र लाभला नाही. वडील कठोर व तुसडे होते. मातेस समारंभ व मेजवान्या यांतून मुलांकडे पाहण्यास सवड नसे. घरी मराया मिलिस नावाची एक वृद्ध दासी होती. तिने त्या पोरक्यासारख्या मुलास मांडीवर घेऊन पवित्र शास्त्रातील कथा सांगितल्या व त्याच्याकडून पहिली प्रार्थना म्हणवून घेतली. ती लवकरच वारली. मरताना तिने आपले सोन्याचे घड्याळ त्यास ठेवले, आणि पुढे अनेक सुंदर घड्याळे विकत घेण्याची ऐपत असतानाही त्यांनी अखेरपर्यंत तेच वापरले. राजवाड्यासारख्या घरात जे मिळाले नाही ते एका दासीने दिले, याची आठवण त्यांस जन्मभर राहिली.

सातव्या वर्षी त्यांस चिझिक येथील एका निवासी शाळेत घालण्यात आले. तेथील मारहाण, उपासमार व घाण यांची आठवण म्हातारपणीही त्यांच्या अंगावर शहारे आणीत असे. मुलांच्या दुःखाविषयी त्यांस पुढे जी कळकळ वाटली तिचे मूळ येथेच सापडते, असे आम्हांस वाटते. पुढे ते हॅरो येथील प्रसिद्ध विद्यालयात गेले. तेथे चौदा-पंधरा वर्षांचे असताना त्यांनी एक प्रसंग पाहिला. हॅरोच्या टेकडीवरील रस्त्याने काही माणसे अचकट विचकट गाणी म्हणत येत होती. जवळ आल्यावर कळले की ती एका भिकाऱ्याची प्रेतयात्रा होती. खांदेकरी दारूने झिंगलेले होते. त्यांच्या हातून शवपेटी निसटून रस्त्यावर पडली आणि ते शिव्या देऊ लागले. मागे रडणारे कोणी नव्हते. केवळ गरीब व निराधार म्हणून माणसाच्या देहाची अशी विटंबना व्हावी, हे पाहून तो मुलगा जागच्या जागी खिळून राहिला, आणि ज्यांचा वाली कोणी नाही त्यांच्या बाजूने आपण उभे राहावयाचे, असा निश्चय त्याने त्याच ठिकाणी केला. तेथे आज त्या प्रसंगाची आठवण देणारी एक पाटी लावलेली आहे.

ऑक्सफर्ड येथे पहिल्या वर्गात उत्तीर्ण होऊन १८२६ साली ते पार्लमेंटमध्ये निवडून आले. वडील हयात असल्यामुळे त्या काळी त्यांस लॉर्ड अ‍ॅश्ली असे म्हणत. १८२८ साली हिंदुस्थानच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या बोर्ड ऑफ कंट्रोलमध्ये त्यांस एक जागा मिळाली, आणि त्याच वर्षी वेड्यांच्या इस्पितळांविषयीच्या एका बिलास पाठिंबा देण्यासाठी ते सभागृहात उभे राहिले. त्यांचा आवाज इतका क्षीण होता की पुष्कळांस तो ऐकूच गेला नाही! पण बोलण्यापूर्वी त्यांनी जे केले ते महत्त्वाचे आहे. ते स्वतः त्या घरांत जाऊन आले होते. लंडनच्या एका खाजगी वेडगृहात शनिवारी दुपारी रोग्यांस साखळदंडांनी बांधून गवतावर टाकीत, ते सोमवारी सकाळी सोडीत. मधल्या काळात नोकरांस सुटी असे. हे सर्व डोळ्यांनी पाहिल्यावाचून त्याविषयी बोलावयाचे नाही, असा नियम त्यांनी घालून घेतला व पुढे प्रत्येक कामात तो पाळला. वेड्यांच्या देखरेखीसाठी नेमलेल्या मंडळाचे ते सभासद झाले, पुढे अध्यक्ष झाले, व मृत्यूपर्यंत, म्हणजे पन्नासांहून अधिक वर्षे, ते काम त्यांनी वेतनावाचून केले.

आता आम्ही त्यांच्या मुख्य कार्याकडे वळतो.

वाफेच्या यंत्राने इंग्लंडात नवी सृष्टी निर्माण केली होती. मँचेस्टर, लीड्स, ब्रॅडफर्ड अशा गावी सूत व लोकर यांच्या गिरण्या रात्रंदिवस चालत. तुटलेले धागे जोडण्यास, साच्याखाली शिरून कापसाची पिंजण वेचण्यास लहान बोटे व लहान अंगे सोयीची; शिवाय मजुरी नाममात्र. म्हणून सात-आठ वर्षांची, कोठे कोठे त्याहूनही लहान मुले बारा-बारा, चौदा-चौदा तास यंत्रापाशी उभी राहत. झोप अनावर झाली म्हणजे मुकादमाचा पट्टा त्यांस जागे करी. आमच्या वर्गातील दहा वर्षांचा विद्यार्थी मधल्या सुटीच्या घंटेकडे कसा कान लावून बसतो हे आम्ही रोज पाहतो; त्याने पहाटे पाचपासून रात्री आठपर्यंत उभे राहावे अशी कल्पनाही करवत नाही.

ह्या मुलांसाठी मायकेल सॅडलर हे गृहस्थ पार्लमेंटमध्ये झगडत होते. १८३२ च्या निवडणुकीत ते पडले. तेव्हा मजुरांच्या वतीने रेव्हरंड बुल नावाचे एक पाद्री लंडनला येऊन लॉर्ड अ‍ॅश्लींस भेटले व सॅडलर यांचे काम हाती घेण्याची त्यांनी विनंती केली. अ‍ॅश्लींचा गिरण्यांशी काडीइतका संबंध नव्हता. हे काम पत्करले म्हणजे मंत्रिपदाची आशा सोडावी लागणार, स्नेही तुटणार, खर्च वाढणार, हे त्यांस स्पष्ट दिसत होते. त्यांनी प्रार्थना केली व पत्नीचा विचार घेतला. लेडी एमिली हिने वय व कुल यांपेक्षा अधिक शहाणपण दाखवून त्यांस पुढे जाण्यास सांगितले. अशा रीतीने १८३३ च्या आरंभी, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, त्यांनी ते ओझे खांद्यावर घेतले.

मागणी साधी होती: गिरणीत कोणाही तरुण मजुरास दिवसा दहा तासांहून अधिक राबवू नये. सरकारने ती मानली नाही. पण लोकमत इतके प्रक्षुब्ध झाले होते की काहीतरी करणे भाग पडले. १८३३ च्या कायद्याने कापडाच्या गिरण्यांत नऊ वर्षांखालील मुलांस मनाई झाली (रेशमाच्या गिरण्या मात्र वगळल्या). नऊ ते तेरा वर्षांच्या मुलांस आठवड्यास ४८ तास व अठरा वर्षांखालील सर्वांस दिवसास बारा तास ही मर्यादा ठरली. आणि लहान मुलांस रोज दोन तास शिक्षण द्यावे असे ठरले. ह्या कायद्यात एक नवी गोष्ट होती, ती म्हणजे गिरण्या तपासण्यासाठी सरकारने नेमलेले चार इन्स्पेक्टर. पूर्वीचे कायदे कागदावर राहिले होते, कारण ते मोडले जातात की पाळले जातात हे पाहणारा कोणी नव्हता. अ‍ॅश्लींस हा कायदा अपुरा वाटला व तो अपुरा होताच. परंतु इन्स्पेक्टरांच्या अहवालांनीच पुढच्या लढ्यास दारूगोळा पुरविला, हे सांगितलेच पाहिजे.

येथे प्रतिपक्षाचे म्हणणेही वाचकांपुढे मांडणे न्यायाचे होईल. विरोध करणारे सर्वच दुष्ट होते असे नाही. अर्थशास्त्राचे पंडित म्हणत की कामाचे तास हा मालक व मजूर यांच्यातील करार आहे, त्यात सरकारने हात घालणे म्हणजे दोघांच्याही स्वातंत्र्याचा भंग होय. नसो सीनियर नावाच्या एका नामांकित अर्थशास्त्रज्ञाने तर १८३७ साली हिशेब करून दाखविले की गिरणीचा सर्व निव्वळ नफा दिवसाच्या शेवटच्या तासात निघतो. तो तास कापला की कारखाना बुडाला व मजुरांच्या तोंडचा घास गेला! ह्याला अ‍ॅश्लींचे उत्तर होते की आठ वर्षांचे मूल करार करीत नाही. त्याला आईबाप विकतात व भूक आईबापांस विकते. परंतु केवळ करुणेवर भिस्त ठेवण्याइतके ते भोळे नव्हते. त्यांनी गिरण्यांत जाऊन अपंग झालेली मुले पाहिली, डॉक्टरांस गाठून प्रश्न विचारले, आणि धागे जोडणारे मूल यंत्राबरोबर मागे-पुढे करीत दिवसाकाठी किती चालते याचा गणितज्ञांच्या साहाय्याने हिशेब मांडला. तो वीस मैलांच्या आसपास निघाला. त्यांच्या भाषणांत विशेषणे थोडी व आकडे फार असत.

१८४० साली त्यांच्या सूचनेवरून खाणी व इतर उद्योग यांतील मुलांच्या स्थितीची चौकशी करण्यासाठी एक कमिशन नेमले गेले. त्याचा पहिला अहवाल १८४२ साली बाहेर पडला. सरकारी अहवाल सहसा कोणी वाचीत नाही. हा मात्र सर्वांनी वाचला, कारण त्यात चित्रे होती. पाच-सहा वर्षांची मुले जमिनीखाली काळोखात एकटी बसून दोरीने हवेची दारे उघडझाप करीत आहेत. कंबरेस पट्टा व दोन पायांमधून साखळी घेतलेल्या मुली गुरांप्रमाणे चार पायांवर रांगत कोळशाचे गाडे ओढीत आहेत. गरोदर स्त्रिया पाठीवर कोळशाच्या टोपल्या घेऊन शिड्या चढत आहेत. घरोघरी शेगडीत जळणारा कोळसा कोठून येतो, हे इंग्लंडने प्रथमच पाहिले. ७ जून १८४२ रोजी अ‍ॅश्लींनी सुमारे दोन तास भाषण केले. सभागृहात अनेकांच्या डोळ्यांत पाणी आले. रिचर्ड कॉब्डेन हे त्यांचे कट्टे विरोधक. पण भाषण संपताच ते आपली जागा सोडून आले व त्यांनी अ‍ॅश्लींचा हात हातात घेतला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कायदा झाला व स्त्रिया, मुली आणि दहा वर्षांखालील मुलगे यांस खाणीत उतरण्याची बंदी झाली. अ‍ॅश्लींनी मुलग्यांसाठी तेरा वर्षांची मर्यादा मागितली होती. उमरावांच्या सभेत खाणीचे मालक बसलेले होते; त्यांनी ती दहावर आणली.

अशा वेळी एका अवघड प्रश्नाने त्यांस गाठले. गिरणीमालक विचारू लागले, की हे लॉर्डसाहेब आमच्या कारखान्यांत डोकावतात, मग स्वतःच्या वडिलांच्या जहागिरीतील शेतमजुरांकडे का पाहत नाहीत? टोमणा खोचक होता, पण खोटा नव्हता. डॉर्सेट परगण्यातील शेतमजुरांची मजुरी सर्व इंग्लंडात हलक्यांपैकी होती आणि त्यांच्या झोपड्या गुरांनाही लाजविणाऱ्या होत्या. दुसरा एखादा मनुष्य वडिलांची भीड म्हणून गप्प राहिला असता. १८४३ साली त्याच परगण्यात जमीनदारांच्या मेजवानीत उभे राहून अ‍ॅश्लींनी मजुरांच्या हलाखीचा दोष जमीनदारांच्या पदरात घातला. वडील संतापले व घराचे दार मुलास बंद झाले. अ‍ॅश्लींस मुले पुष्कळ, उत्पन्न थोडे. कर्जाची चिंता त्यांच्या पाठीस कायमची लागलेली होती. १८५१ साली वडील वारल्यावर ते शाफ्टस्बरीचे सातवे अर्ल झाले, तेव्हा हाती आलेल्या जहागिरीवरही कर्जाचा डोंगर होता. तरी त्यांनी वाड्यातील चित्रे विकली व मजुरांसाठी नवी घरे बांधावयास घेतली. त्यांच्याच कारभाऱ्याने पुढे त्यांस लुबाडले व वर्षानुवर्षे कोर्टकचेऱ्या कराव्या लागल्या, ही गोष्टही येथे नमूद करतो. सज्जनपणा व व्यवहारातील दक्षता ही नेहमी एकत्र नांदतातच असे नाही.

दहा तासांचा कायदा मिळण्यास चौदा वर्षे लागली, आणि तो मिळाला तेव्हा अ‍ॅश्ली सभागृहात नव्हते. त्याचे कारण असे. धान्यावरील जकात उठविण्याचा प्रश्न १८४६ साली निघाला. अ‍ॅश्लींना निवडून देणारे डॉर्सेटचे जमीनदार जकात राहावी या मताचे. अ‍ॅश्लींचे मत मात्र बदलले होते. ज्या शब्दावर निवडून आलो त्याच्या विरुद्ध मत देणे त्यांस अप्रामाणिक वाटले व मनाविरुद्ध मत देणे त्याहून वाईट. त्यांनी जागेचा राजीनामा दिला. दहा तासांचे बिल हाताशी आलेले असताना त्यांनी हे केले! पुढे ते बिल जॉन फील्डेन यांनी चालविले. फील्डेन हे स्वतः मोठे गिरणीमालक होते व बालपणी बापाच्या गिरणीत राबलेले होते. १८४७ च्या जूनमध्ये स्त्रिया व अठरा वर्षांखालील मजूर यांच्यासाठी दहा तासांचा कायदा मंजूर झाला, आणि त्यांच्यावाचून यंत्रे चालत नसल्यामुळे पुरुषांचे तासही आपोआप कमी झाले. सीनियर यांच्या गणिताप्रमाणे गिरण्या बुडावयास हव्या होत्या. त्या बुडाल्या नाहीत.

पण मालकांनी पळवाट काढली. पाळ्या अशा लावल्या की कोणी किती तास काम केले हे इन्स्पेक्टरास कळू नये. आणि १८५० साली न्यायालयाने ती पळवाट कायदेशीर ठरविली. तेव्हा सरकारने तडजोड सुचविली: दहाऐवजी साडेदहा तास घ्या, पण कामाच्या वेळा सकाळी सहा ते सायंकाळी सहा अशा कायम बांधून देतो. पुन्हा निवडून आलेल्या अ‍ॅश्लींनी ती स्वीकारली. ज्या मजुरांसाठी त्यांनी सतरा वर्षे झिजविली त्यांतील पुष्कळांनी त्यांस विश्वासघातकी म्हटले. आमच्या मते अ‍ॅश्लींचा निर्णय बरोबर होता. पाळता येणारे साडेदहा तास हे न पाळल्या जाणाऱ्या दहा तासांपेक्षा मुलांच्या अधिक हिताचे होते. परंतु सोळा तास राबलेल्या माणसास अर्ध्या तासाची किंमत काय असते हे खुर्चीत बसून लिहिणाऱ्यांनी सांगू नये, हेही आम्ही जाणतो.

धुराडी साफ करणाऱ्या मुलांचा लढा ह्याहूनही लांबला. चार-पाच वर्षांच्या मुलांस अरुंद धुराड्यांत चढवीत. कोपरे व गुडघे सोलून निघत, ते घट्ट व्हावे म्हणून त्यांवर खारे पाणी चोळीत. काही मुले आतच गुदमरून मरत. ब्रशाने धुराडे साफ करण्याचे यंत्र निघालेले होते, तरी थोरामोठ्यांच्या घरी मुलेच चढत, कारण यंत्र घालावयाचे तर धुराड्यात थोडी मोडतोड करावी लागे. १८४० साली कायदा झाला, १८६४ साली दुसरा झाला, पण दोन्ही निष्फळ. दंड करणारे न्यायाधीशही त्याच घरांत राहत होते! १८७५ साली केंब्रिजजवळ एका इस्पितळाच्या धुराड्यात अडकून एक मुलगा मेला. तेव्हा पंचाहत्तरीकडे झुकलेल्या शाफ्टस्बरींनी पुन्हा बिल आणले. धंद्यास दरवर्षी पोलिसांचा परवाना आवश्यक केला. आणि मग कोठे ही चाल बंद पडली.

ज्या मुलांच्या अंगावर धड वस्त्र नाही म्हणून इतर शाळा घेत नसत, त्यांच्यासाठी तबेल्यांत व रेल्वेच्या कमानींखाली फुकट शाळा चालत. त्यांस चिंध्यावाल्यांच्या शाळा म्हणत. १८४४ साली ह्या शाळांचा संघ स्थापन झाला. त्याचे नेतृत्व शाफ्टस्बरींनी जवळजवळ चाळीस वर्षे केले. लंडनच्या हातगाडीवाल्या भाजीविक्यांशी तर त्यांचा इतका घरोबा होता की त्या लोकांनी वर्गणी करून त्यांस एक सजविलेले गाढव भेट दिले, व अर्लमहाराजांनी ते मोठ्या अभिमानाने स्वीकारले. राज्यातील सर्वांत मोठा मान जो गार्टर, तो त्यांनी एकदा नाकारून १८६२ साली घेतला होता. दोहोंपैकी कोणती भेट त्यांस अधिक आवडली हे ओळखणे कठीण नाही.

त्यांचे दोष झाकण्याचे आम्हांस कारण नाही. गरिबांच्या हातात मत देण्याची त्यांस भीती वाटे. १८३२ व १८६७ या दोन्ही वेळच्या मताधिकाराच्या वाढीस ते प्रतिकूल होते. १८५७ च्या बंडाच्या वेळी हिंदी लोकांच्या क्रौर्याच्या ऐकीव कथा त्यांनी भर सभेत सांगितल्या व त्यांतील एक पुढे मागे घ्यावी लागली. जो मनुष्य स्वतः पाहिल्याशिवाय गिरणीविषयी बोलत नसे, त्याने हिंदुस्थानविषयी ऐकीव गोष्टींवर विसंबावे याचे आम्हांस वाईट वाटते. परंतु हाच मनुष्य १८४३ साली अफूच्या व्यापाराविरुद्ध उभा राहिला होता. बंगालची व माळव्याची अफू चीनच्या गळी उतरवून कंपनी सरकार पैसा करीत होते, आणि माळव्याची अफू आपल्या मुंबई बंदरातून जात होती. तो पैसा पापाचा आहे असे त्यांनी पार्लमेंटमध्ये स्पष्ट सांगितले. पुढच्याच वर्षी सिंधच्या अमिरांवर झालेल्या अन्यायास त्यांनी वाचा फोडली. दोन्ही वेळा यश आले नाही.

मुंबईचा व त्यांचा संबंध मात्र येथे संपत नाही. मुंबईत पहिली कापडगिरणी १८५६ साली चालू झाली व वीस वर्षांत परळ, भायखळा, चिंचपोकळी या भागांत धुराडी उभी राहिली. घाटावरून व कोकणातून आलेली माणसे, बाया व पोरे तेथे सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत राबत. साप्ताहिक सुटी नव्हती. इंग्लंडने जी चूक केली तीच येथे नव्याने होत होती. १८७५ साली मुंबई सरकारने कमिशन नेमले, पण त्याच्या बहुसंख्य सभासदांनी कायद्याची गरज नाही असे सांगितले. त्याच सुमारास वृद्ध शाफ्टस्बरींनी लॉर्ड्स सभेत हिंदुस्थानातील गिरण्यांचा प्रश्न काढला.

येथे एक गाठ आहे, ती सोडविल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. मुंबईचे तास कमी व्हावे अशी ओरड मँचेस्टरचे गिरणीवालेही करीत होते. त्यांस मुंबईच्या पोरांचा कळवळा आला नव्हता; मुंबईचे स्वस्त सूत त्यांच्या डोळ्यांत सलत होते. शाफ्टस्बरींच्या भाषणातही, हिंदुस्थानात असे तास चालू राहिल्यास आपला माल मागे पडेल, हा मुद्दा येऊन गेला. साहजिकच मुंबईत पुष्कळांस ह्या कायद्याचा संशय आला, व तो निराधार नव्हता. परंतु सांगणाऱ्याच्या मनात स्वार्थ आहे म्हणून सात वर्षांच्या मुलाचे दुःख खोटे ठरत नाही. हे ज्यांनी ओळखले त्यांत सोराबजी शापुरजी बंगाली हे पारशी गृहस्थ अग्रगण्य होत. त्यांनी १८७८ साली स्वतः कायद्याचा मसुदा तयार केला. अखेर १८८१ साली हिंदुस्थानचा पहिला फॅक्टरी अ‍ॅक्ट झाला. सात वर्षांखालील मुलांस मनाई, सात ते बारा वर्षांच्या मुलांस नऊ तास व महिन्यास चार सुट्या, एवढेच त्यात होते. आणि शंभरांहून कमी माणसांच्या कारखान्यांस तो लागूच नव्हता. मोठ्या बायामाणसांस त्यात काहीच मिळाले नाही. ते काम पुढे महात्मा फुले यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी हाती घेतले. १८८४ साली त्यांनी गिरणीकामगारांची सभा भरवून साडेपाच हजार सह्यांचा अर्ज कमिशनपुढे ठेवला. १८९० च्या जूनमध्ये मालकांनी रविवारची सुटी मान्य केली, आणि १८९१ च्या कायद्याने स्त्रियांचे तास अकरा व मुलांचे किमान वय नऊ झाले. १८३३ साली इंग्लंडात जे वय ठरले होते, तेथे पोहोचण्यास मुंबईस अठ्ठावन्न वर्षे अधिक लागली.

हे पाहण्यास शाफ्टस्बरी नव्हते. पत्नी १८७२ साली गेली होती. दोन मुलगे तर तरुणपणीच गेले होते. शेवटच्या आजारातही, जगात इतके दुःख मागे ठेवून जावे लागते, हीच खंत त्यांच्या मुखी असे. १ ऑक्टोबर १८८५ रोजी फोकस्टन येथे समुद्रकाठी त्यांनी देह ठेवला. वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत, राजेरजवाड्यांच्या शेजारी, दफनाची जागा देऊ करण्यात आली होती. ती त्यांनी आधीच नाकारली होती. तेथे केवळ प्रार्थना झाली. त्या दिवशी रस्त्याच्या दोहो बाजूंस बूट पुसणारी मुले, फुले विकणाऱ्या मुली, भाजीवाले व गिरण्यांतील मजूर टोप्या काढून उभे होते. कित्येकांनी अंगावरच्या फाटक्या कपड्यास काळ्या फितीचा तुकडा टाचला होता. नंतर त्यांचा देह डॉर्सेटमधील सेंट जाइल्स ह्या त्यांच्या खेड्यात नेण्यात आला, आणि शेतमजुरांच्या नव्या घरांपासून जवळच असलेल्या लहानशा देवळात त्यांस मूठमाती देण्यात आली.